शाईचा बांबू आणि धर्मपाल पेंटरची काठी

वाचकहो, प्रस्तुत कथेमध्ये एका रंगाऱ्याची, त्याच्या उजव्या हाताची आणि परदेशातील एका शनिवारची हकीकत क्रमवार सांगण्यात येणार आहे. या हकीकतीत कोणी थोर मनुष्य नाही आणि कोणाचा मृत्यूही होत नाही. प्रश्न एकच आहे, तो असा की सिंदेवाहीच्या विहाराची नवी भिंत धर्मपाल पेंटरांनी रंगवावी किंवा रंगवू नये. त्या प्रश्नाचा निकाल शेवटी लागतो. परंतु धर्मपाल पेंटरांचा गोंधळ संपत नाही. हे अगोदरच नमूद करून ठेवलेले बरे, म्हणजे मागाहून वाचकांची तक्रार नको.

चंद्रपूर जिल्ह्यातील सिंदेवाही येथे धर्मपाल खोब्रागडे यांना आडनावाने कोणीच हाक मारीत नसे. पेंटर म्हटले की तेच. पस्तीस वर्षांत त्यांनी दुकानांच्या पाट्या, शाळेच्या भिंतींवरील सुविचार, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीमागची नावे आणि लग्नघरांच्या दारांवरील वधूवरांची नावे इतक्या संख्येने काढली होती की गावात मनुष्य जिकडे मान वळवील तिकडे त्यांचेच अक्षर दिसावे. इंग्रजी अक्षरे त्यांना सहा वळणांत येत, सावलीसह. इंग्रजी भाषा मात्र येत नव्हती. अक्षर येणे आणि भाषा येणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे त्यांच्याइतके कोणास ठाऊक असणार.

या सर्व कामांत त्यांना अभिमान एकाच कामाचा होता. तीस वर्षांपूर्वी त्यांनी विहाराच्या मागील भिंतीवर बसलेली बुद्धमूर्ती रंगवली होती. मोरपिशी आकाश, पिवळे चीवर, कडेने सोनेरी पट्टी. गतवर्षी ते जुने विहार पाडून नवे बांधण्यात आले, आणि जुन्या भिंतीबरोबर ते चित्रही विटामातीत गेले. आता नवी भिंत उभी होती, बारा फूट बाय आठ, कोरी. बुद्धपौर्णिमेपूर्वी तिच्यावर चित्र पाहिजे, असा समितीचा ठराव होता.

आणि नेमका दोन वर्षांपासून धर्मपाल पेंटरांचा उजवा हात कापत होता.

ही गोष्ट त्यांनी कोणासही सांगितलेली नव्हती. सांगण्याची वेळ येऊ नये याची तजवीज त्यांच्या हत्यारांतच होती. पाटी रंगवणारे लोक डाव्या हातात एक काठी आडवी धरतात. तिच्या टोकाला कापडाचा बोळा बांधलेला असतो, तो पाटीवर टेकवायचा आणि त्या काठीवर उजवे मनगट ठेवून अक्षर काढायचे. पूर्वी त्यांची काठी ओला रंग हाताला लागू नये म्हणून असे. आता ती काठी त्यांचा हात धरून ठेवीत असे. लहानसहान पाट्या काठीच्या आधाराने निभावत होत्या. बारा फुटांच्या भिंतीला काठी कोठवर पुरणार, हा विचार मनात आला की ते उठून पाणी पीत.

अशा समयी त्यांच्या एकुलत्या एका कन्येने, पद्माने, त्यांना तीन महिन्यांकरिता ऑस्ट्रेलियास बोलावून घेतले. पद्मा कॅनबेरा येथे पब्लिक हेल्थचे शिक्षण घेत होती आणि आठवड्यातून तीन शिफ्ट वृद्धांच्या एका निवासात काम करीत होती. दोन हजार तेवीस साल होते. परदेशी विद्यार्थ्यांचा त्या वर्षी असा पूर आला होता की खोलीगणिक दोन मुले राहत, आणि तरीही आणखी दोन दारात बॅगा घेऊन उभी असत. गुंगालिनमधील ज्या घरात पद्मा राहत होती तेथे अनुप नावाच्या मुलाने आपली खोली काकांसाठी रिकामी केली आणि स्वतः हॉलमध्ये गादी टाकली. धर्मपाल पेंटरांची पत्नी चार वर्षांपूर्वी वारली होती. घरात एकटे बसून काय करायचे, म्हणून ते आले, असे त्यांनी सर्वांना सांगितले. खरे कारण भिंत होती. भिंतीपासून जितके दूर जाता येईल तितके ते आले होते.

येताना काठी मात्र बरोबर आणली. विमानतळावर लाकूड दाखवावे लागते. तेथील अधिकाऱ्याने काठीत कीड आहे काय ते दिव्याखाली धरून पाहिले आणि परत दिली. न रंगवण्यासाठी आलेला मनुष्य काठी कशाला आणतो, हे त्यांना स्वतःलाही सांगता आले नसते.

गुरुवारी सिंदेवाहीहून समितीचे सचिव संजीव गेडाम यांचा फोन आला. दोघे बालवर्गापासूनचे.

“काय बे धर्मा, काय करून रायला? कांगारू पाहिला का?”

“पाहिला. रस्त्याच्या कडेला, मेलेला.”

“एवढ्या लांब जाऊन मेलेलाच पाहिला? बरं ते सोड. रविवारी वंदनेनंतर बैठक आहे. अर्धे लोक म्हणतात फ्लेक्स लावा, दोन दिवसांत होते. तू भिंत घेतो का नाही ते शनिवारपर्यंत सांगजो. हो तर हो, नाही तर नाही.”

“सांगतो.”

“सांगतो सांगतो करत तू मागचा पावसाळा काढला.”

फोन ठेवल्यावर त्यांनी दोन्ही हातांनी कप उचलून चहा प्यायला. समोर बसलेल्या पद्माने पाहिले. “थंडी फार आहे इथे,” ते म्हणाले. एप्रिलमध्ये कॅनबेरात सकाळी तोंडातून वाफ निघते, त्यामुळे ही सबब तेथे उत्तम खपत होती. पद्माने त्यांना लोकरीचे हातमोजे आणून दिले होते.

“बाबा, दिवसभर खिडकीत बसून तुम्ही ट्राम मोजता,” पद्मा म्हणाली. “शनिवारी तुमच्यासाठी एक क्लास बुक केलाय. जपानी इंक पेंटिंग. इथेच, कम्युनिटी हॉलमध्ये.”

“मी पेंटर आहे. मला कशाला क्लास?”

“म्हणून तर. मी त्या टीचरना सांगितलं, माझे बाबा बुद्धाची पेंटिंग्ज करतात. त्यांना इतका आनंद झाला. जपानी आहेत ना त्या. म्हणाल्या, जरूर घेऊन ये.”

आता नाही म्हणावयाचे तर कारण द्यावे लागणार, आणि कारण तर एकच होते. धर्मपाल पेंटर हो म्हणाले. अडचणीतून सुटण्यासाठी मनुष्य ज्या दाराने पळतो ते दार कधी कधी त्याच अडचणीच्या अंगणात उघडते, त्याचे हे उदाहरण समजावे.

शनिवारी दहा वाजता बाप-लेक हॉलवर पोहोचले. हॉल स्वच्छ होता, भिंती पांढऱ्या आणि निर्जीव. सवयीने धर्मपाल पेंटरांच्या मनात आले की येथे एक सुविचार सहज बसेल. सहा टेबले मांडली होती. शिकविणाऱ्या बाईंचे नाव किमुरा. वय पंचाहत्तरच्या घरात, बांधा चिमणीएवढा, केस पूर्ण पांढरे. त्यांनी धर्मपाल पेंटरांना कमरेतून वाकून नमस्कार केला. यांनी हात जोडले. बाई पुन्हा वाकल्या. यांनी पुन्हा हात जोडले. हा प्रकार थांबवायचा कोणी, हे न कळल्यामुळे तो चार वेळा झाला.

“बाबा, मी लायब्ररीत बसते, माझी असाइनमेंट आहे. एक वाजता येते. तुम्हाला जमेल ना?”

“जमेल. चित्राला भाषा लागत नाही,” असे म्हणून त्यांनी तिला पाठविले. हे वाक्य किती चुकीचे होते ते पुढील तीन तासांत त्यांच्या लक्षात आले.

शेजारच्या टेबलावर ग्रॅहम नावाचे एक धिप्पाड निवृत्त सरकारी गृहस्थ होते. त्यांनी हसून एक लांबलचक वाक्य उच्चारले, ज्यातील ‘मेट’, म्हणजे मित्र, हा शब्द तेवढा यांना समजला. यांनी “येस” म्हटले. पुढे तीन तास त्या दोघांचा संवाद याच धर्तीवर चालला आणि दोघांनाही तो सुखाचा झाला.

प्रथम प्रत्येकापुढे एक काळा दगड ठेवण्यात आला, थेट आपल्या सहाणेसारखा, आणि एक काळी कांडी. बाईंनी दगडावर थोडे पाणी घातले आणि कांडी उगाळण्यास आरंभ केला. सर्वजण उगाळू लागले. धर्मपाल पेंटरांना वाटले, बाटलीतली शाई संपली असावी. पाच मिनिटे झाली, दहा झाली. पद्मा तान्ही असताना तिची आई अशीच गुटी उगाळीत असे, वेखंडाचे दोन वळसे, जायफळाचा एक. येथे मात्र वळशांची गणतीच नव्हती. अर्धा तास केवळ उगाळणे. गिऱ्हाईक उभे असते तर केव्हाच दुसरीकडे गेले असते, असे त्यांच्या मनात आले. परंतु एक गोष्ट त्यांनी टिपली, की उगाळताना हात कापत नव्हता. कांडीचे टोक दगडावर टेकलेले होते ना. टेकलेला हात कापत नाही. अधांतरी हात कापतो. एवढे शास्त्र त्यांना दोन वर्षांत पुरते अवगत झाले होते.

नंतर कागद आला. इतका पातळ की खालच्या काळ्या कापडाचा रंग वर दिसावा. बाईंनी एक जाड ब्रश शाईत बुडविला आणि कागदावर खालून वर नेला. मध्ये किंचित थांबल्या, पुन्हा वर, पुन्हा थांबल्या. चार पेरांचा बांबू उभा राहिला. मग टोकाने पाच पाने. एवढ्यात झाले. उरलेला तीन चतुर्थांश कागद कोराच राहिला. धर्मपाल पेंटर वाट पाहत होते की बाई आता मागचे काढतील, डोंगर, सूर्य, निदान कडेने एक पट्टी. बाईंनी ब्रश खाली ठेवला आणि सर्वांकडे पाहून मान हलविली. चित्र संपले होते.

बांबू म्हणजे काय हे सिंदेवाहीच्या मनुष्यास शिकवावे लागत नाही. पावसाळ्यात वास्त्याची, म्हणजे बांबूच्या कोवळ्या कोंबांची, भाजी खाऊन ते मोठे झालेले. बांबूचा रंग हिरवा, सुकला की पिवळा. काळा बांबू त्यांनी जळालेलाच पाहिला होता. तरीही बाईंचा तो बांबू पाहून त्यांना क्षणभर वाटले की याच्या पेरावर हात ठेवला तर गार लागेल. असे का वाटले ते कळेना, म्हणून त्यांनी तो विचार बाजूस सारला आणि कामास लागले.

आता कोणतीही पाटी हाती घेतली की पेंटर प्रथम काय करतो? आखणी करतो. त्यांनी खिशातून पेन्सिल काढून कागदाचा मध्य धरला आणि चारी बाजूंनी समास आखण्यास सुरुवात केली. किमुरा बाई आल्या, त्यांनी हसून दोन बोटांनी पेन्सिल काढून घेतली आणि टेबलाच्या कडेला ठेवली. बरे. पेन्सिल नको तर नको. यांनी पिशवीतून काठी काढली. बोळा टेबलावर टेकवला, मनगट काठीवर ठेवले, आणि ब्रश उचलला.

बाई पुन्हा आल्या. यावेळी त्या हसल्या नाहीत. त्यांनी काठीकडे पाहिले, टोकाच्या बोळ्याकडे पाहिले, त्यावर साचलेल्या पस्तीस वर्षांच्या रंगाच्या थरांकडे पाहिले. मग दोन्ही हात पुढे करून, भिक्खूच्या हातून काही स्वीकारावे तशा रीतीने, त्यांनी ती काठी घेतली आणि खिडकीच्या कठड्यावर नेऊन आडवी ठेवली. परत येऊन त्यांनी यांच्या कोपराखाली हात घालून तो उचलला आणि स्वतःच्या खांद्यावर टिचकी मारून दाखविली. अर्थ स्पष्ट होता. मनगट टेकायचे नाही, कोपर टेकायचे नाही. हात खांद्यापासून चालला पाहिजे.

धर्मपाल पेंटरांचा हात हवेत राहिला आणि कापू लागला.

बाई समोरच होत्या. त्यांनी पाहिले किंवा नाही, हे चेहऱ्यावरून कळेना. त्यांनी केवळ कागदाकडे बोट केले.

पहिले पेर खालून वर गेले. कडा सरळ येण्याऐवजी करवतीसारखी आली. धर्मपाल पेंटरांनी तत्काळ ब्रश वळवून ती कड सारखी करण्यास घेतली, कारण पाटीवर चुकलेली रेघ दुसऱ्या हाताने बुजविता येते. तोच त्यांच्या धंद्याचा पाया. येथे दुसरा हात देताच शाई पसरली. सारखी करू जावी तो आणखी पसरली. तिसऱ्या हाताला कागद मध्येच फाटला आणि बांबूच्या जागी एक काळे भोक उरले. दुसरा कागद घेतला. तोही तसाच. तिसरा. प्रत्येक वेळी बाई येऊन पाहत, आणि यांनी दुसरा हात देण्यास ब्रश उचलला की मान हलवून नको म्हणत. चुकले आहे हे दिसते आहे, दुरुस्त करू देत नाहीत, आणि पुन्हा काढा म्हणतात. हा कुठला न्याय, असे त्यांच्या मनात आले.

चौथ्या कागदावर त्यांनी निमूटपणे बाईंच्या म्हणण्याप्रमाणे केले. चार पेरे, दुसरा हात न देता. प्रत्येक रेघेत कापरेपण आरपार दिसत होते. पाने काढली, तीही थरथरती. हे चित्र पाहताच त्यांना इतकी शरम वाटली की त्यांनी कागद चुरगळून टेबलाखालच्या टोपलीत टाकला आणि पाचवा घेतला. पाचवा त्यांनी बाईंची पाठ असताना, कोपर चोरून टेबलाला टेकवून काढला. तो बरा आला. सरळ आला. ग्रॅहम साहेबांचा बांबू नळाच्या पाइपासारखा आला होता, त्या मानाने हा पुष्कळच चांगला.

बाई टेबलाटेबलाने फिरल्या. ग्रॅहमच्या पाइपाला म्हणाल्या, “गुड.” पलीकडच्या मुलीच्या चित्राला म्हणाल्या, “गुड.” यांच्या पाचव्या चित्राला म्हणाल्या, “गुड.” ज्याला सगळेच चांगले दिसते त्याला काहीच दिसत नाही, असे धर्मपाल पेंटरांचे मत होते. त्यांनी मनात बाईंना नापास केले.

शेवटी चित्राखाली आपले नाव लिहावे असे बाईंनी खुणेने सांगितले. हे काम ओळखीचे होते. कोपर टेकवून, बारीक ब्रशाने त्यांनी उजव्या कोपऱ्यात लिहिले: ‘धर्मपाल आर्ट, सिंदेवाही.’ खाली सवयीने मोबाईल क्रमांक, दहाच्या दहा आकडे, मराठीत. ग्रॅहम वाकून पाहू लागले. त्यांच्या चेहऱ्यावर मोठा आदर दिसला.

त्यानंतर जे घडले ते धर्मपाल पेंटरांना आजतागायत नीट समजलेले नाही. बाईंनी प्रत्येकाचे एक चित्र चिमट्याने दोरीवर लावले. ग्रॅहमचे लावले, त्या मुलीचे लावले. यांच्या टेबलाजवळ आल्या, तो सरळ, सहीचा बांबू हातात घेतला, पाहिला आणि परत ठेवला. मग खाली वाकून टोपलीतला चुरगळलेला कागद काढला. टेबलावर ठेवून तळहाताने हळूहळू त्याच्या सुरकुत्या मोडल्या, आणि तो चौथा, थरथरता बांबू सर्वांच्या मधोमध लावला.

धर्मपाल पेंटर उभे राहिले. “नो, नो,” ते म्हणाले, “दॅट, नो.” त्यांनी पाचव्याकडे बोट दाखविले. “धिस.” बाईंनी शांतपणे मान हलविली. ही थट्टा म्हणावी तर बाईंच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. दया म्हणावी तर दयाही नव्हती. दया त्यांना ओळखता येत असे, पत्नी गेल्यावर वर्षभर ती त्यांनी घरोघर चहाबरोबर घेतली होती.

तेवढ्यात दार उघडून पद्मा आत आली. “सॉरी, प्रिंटरने वेळ घेतला. झालं का? कुठलं तुमचं?”

ग्रॅहमनी पाचव्या चित्राच्या कोपऱ्याकडे बोट दाखवून तिला काही विचारले. ती पाहून हसू लागली.

“काय म्हणतो?” यांनी विचारले.

“ते विचारतात, ही कविता कोणाची आहे. मी म्हटलं, हा माझ्या बाबांचा फोन नंबर आहे.” ग्रॅहम मोठ्याने हसले आणि त्यांनी धर्मपाल पेंटरांच्या पाठीवर थाप मारली. पद्मा दोरीकडे वळली. “आणि हे मधलं?”

तिचे हसणे थांबले. ती त्या चुरगळलेल्या कागदाजवळ गेली आणि एका पेरावरून दुसऱ्या पेरावर, खालून वर, डोळे नेत राहिली. मग तिने बापाच्या उजव्या हाताकडे पाहिले. तो खिशात होता.

“बाबा,” ती हळू म्हणाली, “हात कधीपासून?”

“थंडी आहे.”

“इथे हीटर चालू आहे.”

धर्मपाल पेंटरांनी हात खिशात आणखी खोल नेला.

“माझ्या कामावर आजी-आजोबांच्या सह्या मी रोज बघते. फॉर्मवर. मला अशी रेघ कळते. कधीपासून?”

“दोन वर्षं झाली.”

बाप-लेक बाहेर येऊन ट्रामच्या थांब्यावरील बाकावर बसले. ऊन चांगले होते, पण वारा बोचरा. पद्माने फोनवर डॉक्टरची वेळ शोधली, सोमवारची सापडली ती घेतली, आणि मगच बोलली.

“सांगितलं का नाही?”

“सांगितलं असतं तर हात माझा राहिला नसता. तुझ्या फायलीत गेला असता.”

“मग जाऊ द्यायचा होता.” तिचा आवाज चढला होता, तो तिने स्वतःच खाली आणला. “मी सगळ्यांच्या बापांचे हात धरते तिथे. आणि घरी हातमोजे आणून देते.”

एक ट्राम आली आणि गेली. धर्मपाल पेंटरांच्या डोक्यात दुसरेच घोळत होते.

“तू निघताना त्या बाईंना काही विचारलंस ना? ते टोपलीतलंच का लावलं म्हणून?”

“हो.”

“काय म्हणाल्या?”

“म्हणाल्या, मला हे आवडलं.”

“आणि?”

“आणि काही नाही.”

“कारण सांगितलं असेल.”

“नाही, बाबा. एवढंच म्हणाल्या.”

धर्मपाल पेंटरांनी मान हलविली. पस्तीस वर्षांत त्यांनी हजारो लोकांची नापसंती ऐकली होती, आणि तिला नेहमी कारण असे. लाल जास्त झाला, मालकाचे नाव लहान झाले. पसंतीला कारण नसते काय? चुरगळलेला कागद, काळा बांबू, कापरा हात, आणि आवडले. हे कोडे त्यांनी उलटसुलट करून पाहिले. कोठूनही सुटेना. पण एवढे मात्र खरे होते, की आता पद्माला ठाऊक झाले होते, आणि ते लपविण्याचे जे ओझे दोन वर्षे मनगटावर होते ते या क्षणी कोठे गेले ते सापडत नव्हते. हात अजून कापतच होता. त्यांनी तो खिशातून बाहेर काढून मांडीवर ठेवला.

“संजीवला फोन लाव,” ते म्हणाले.

सिंदेवाहीत तेव्हा सकाळ होती. सचिवांनी फोन उचलला.

“बोल बे. हो का नाही?”

“संजा, ऐक. माझा हात कापते. दोन वर्षं झाली. कोणाला सांगितलं नाही.”

पलीकडे क्षणभर कोंबड्यांचा आवाज तेवढा आला.

“हे सांगायला तू ऑस्ट्रेलियात गेला का?” संजीव म्हणाले. “अरे, मागच्या वर्षी शाळेच्या फाटकावर तू नाव काढलं. ते सारं गाव रोज वाचते. पोरं म्हणतात, पेंटरकाकांनी अक्षरांना थंडी लावली.”

“तुम्हाला माहीत होतं?”

“गावात राहतो आम्ही, धर्मा.”

“मग मला भिंतीचं कशाला विचारत होते?”

“आता हेही मीच सांगू? भिंत तुझी होती म्हणून. फ्लेक्सवाल्यांना मी म्हटलं, पेंटर स्वतःच्या तोंडानं नाही म्हणत नाही तोवर कोणी खिळा ठोकायचा नाही. तू नाही म्हण, मी मोकळा होतो.”

धर्मपाल पेंटरांनी फोन एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. पद्मा त्यांच्याकडे पाहत होती.

“मी नाही म्हणत नाही,” ते म्हणाले.

“म्हणजे हो?”

“रेघ सरळ येणार नाही. बुद्धाची कड थरथरती येईल. लोक पाहतील.”

“लोक तर फाटकही पाहून रायले. मी तुला विचारतो ते सांग, हो का नाही?”

“कसं काढीन ते मला समजत नाही, संजा. काठीनं की बिनकाठीनं. मागचं आकाश भरू का कोरंच ठेवू. आज इथं एका बाईनं माझं सगळं उलटंसुलटं करून ठेवलं.”

“कोणत्या बाईनं?” सचिवांचा आवाज एकदम जागा झाला.

“शिकवणारी आहे. पंचाहत्तर वर्षांची.”

“बरं बरं. मी भिंतीचं विचारतो. चुन्याचे दोन हात देऊ का तीन?”

“तीन,” धर्मपाल पेंटर म्हणाले, आणि हा शब्द तोंडातून गेल्यावर त्यांच्या लक्षात आले की निकाल लागला. “तीन द्या. अन् तिसरा हात वाळू द्या पुरा. मी पुढच्या महिन्यात येतो.”

“पौर्णिमा पाच मेला आहे.”

“मग आधी येतो. पद्मा तिकीट बदलते.”

पद्माने “सोमवारी डॉक्टर झाल्यावर” असे मोठ्याने म्हटले, जेणेकरून फोनच्या पलीकडेही ऐकू जावे. पलीकडून “बरोबर हाय पोरीचं” असे उत्तर आले आणि फोन बंद झाला.

ट्राम येताना दिसली तेव्हा धर्मपाल पेंटर पिशवी उचलून उभे राहिले आणि तसेच थबकले. पिशवी हलकी होती. काठी खिडकीतच राहिली होती.

“जाऊ द्या, बाबा. पुढच्या वेळी घेऊ. मला दोनची शिफ्ट आहे.”

“तू जा. मला घर माहीत आहे. तिसरा थांबा.”

पद्माने एकदा हॉलकडे आणि एकदा ट्रामकडे पाहिले. “पोहोचल्यावर मेसेज करा,” असे म्हणून ती चढली. ट्राम सुटल्यावरही ती काचेतून पाहत होती.

हॉलमध्ये किमुरा बाई एकट्याच ब्रश धूत होत्या. यांना पाहून त्यांनी ब्रश ठेवला, हात पुसले, खिडकीवरील काठी उचलली आणि दोन्ही हातांवर ठेवून पुढे केली. यांनीही दोन्ही हातांनी घेतली. दोघे वाकले. यावेळी एकदाच.

मधोमध तो बांबू अजून लटकत होता. उघड्या दारातून येणाऱ्या वाऱ्याने कागद हलत होता, त्यामुळे रेघांतले कापरेपण कोणते आणि वाऱ्याचे कोणते ते दुरून ओळखू येत नव्हते. धर्मपाल पेंटरांनी खुणेने विचारले, हे नेऊ काय? बाईंनी मान हलवून नाही म्हटले. “नेक्स्ट सॅटरडे,” त्या म्हणाल्या.

पुढच्या शनिवारी पुन्हा यायचे असा याचा अर्थ, की पुढच्या शनिवारपर्यंत चित्र तेथेच राहील असा, हे विचारण्याइतकी भाषा त्यांच्यापाशी नव्हती. ते “येस” म्हणाले. काठी बगलेत मारून थांब्यावर आले आणि बाकावर बसले. तिचा उपयोग भिंतीवर करायचा की नाही ते त्यांनी ठरविलेले नव्हते. कॅनबेराच्या त्या उन्हात त्यांनी उजवा हात समोर धरला, खांद्यापासून, कोठेही न टेकता, आणि हवेत खालून वर एक पेर काढले. थांबले. दुसरे काढले. समोरच्या फलाटावरील एका मुलीला वाटले की ते ट्राम थांबवीत आहेत, म्हणून तिने त्यांना हातानेच सांगितले की हात दाखवावा लागत नाही, ती आपोआप थांबते.

येथे ही हकीकत पूर्ण होते. धर्मपाल पेंटरांनी ती मला मागाहून ट्रामच्या थांब्यावरील त्याच बाकावर बसून सांगितली आणि मी ती माझ्या अल्प बुद्धीने व तुटपुंज्या शिक्षणाने कागदावर उतरविली आहे. लिहिताना माझ्याही पुष्कळ रेघा वाकड्या आल्या असतील. ज्या वाचकांनी आपला बहुमोल वेळ देऊन येथवर सोबत केली त्यांचे मी मनापासून आभार मानतो.

आपला नम्र,
उल्हास नामदेव रामटेके
गुंगालिन, कॅनबेरा